गयाबाईंच्या घराचा रंग

पुण्याहून भल्या सकाळी आमची जीप निघाली तेव्हा पुढच्या सीटवर मी, माझ्या मांडीवर लेन्सची पेटी आणि मागे आमचा दिग्दर्शक ओंकार अंगावर शाल ओढून गाढ झोपलेला, अशी व्यवस्था होती. बाकीचे चौघं सामानाचा टेम्पो घेऊन मागून येत होते. लेन्सची पेटी मी कुणाच्या हाती देत नाही. टपावर तर नाहीच नाही. मधे एकदा ड्रायव्हरने ती पायाशी ठेवायला सुचवलं, तर मी त्याच्याकडे असं बघितलं की नगर येईपर्यंत बिचाऱ्याने रस्त्यावरची नजर हलवली नाही.

मी नेमकी काय करते हे चिपळूणच्या आमच्या मंडळींना अजून नीट कळलेलं नाही, म्हणून आधी ते सांगून टाकते. मी सिनेमाचं छायाचित्रण करते. म्हणजे मी हिरोईन नाही, मेकअप करणारी नाही आणि दिग्दर्शकाची बायकोही नाही. हे तिन्ही अंदाज माझ्या तोंडावर बांधून झालेले आहेत. पडद्यावर जे दिसतं ते कुठून, किती उजेडात आणि किती अंधारात दिसावं हे ठरवणं माझं काम. सुरुवात झाली बाजारपेठेतल्या फोटो स्टुडिओत लग्नांच्या व्हिडिओ शूटिंगपासून. पुढे पुण्या-मुंबईत चौदा वर्षं दुसऱ्यांच्या हाताखाली काढली. केबली गुंडाळल्या, लेन्स पुसल्या, फोकस सांभाळला. 'बाईला कॅमेरा पेलेल का?' हा प्रश्न ऐकत ऐकत तोच कॅमेरा खांद्यावर घेऊन डोंगर चढले. आणि आता हा सिनेमा, ज्याच्या छायाचित्रणाखाली पहिल्यांदाच फक्त माझं नाव येणार होतं. मोठी कंपनी नाही, मोठा नट नाही, स्टुडिओ नाही. अशा सिनेमाला स्वतंत्र सिनेमा म्हणतात, आणि त्यातलं स्वातंत्र्य म्हणजे मुख्यतः आपल्या चुका आपणच निस्तरायच्या.

गोष्ट साधी होती. ऊसतोडीला निघालेल्या एका बाईचा घरातला शेवटचा दिवस. शूटिंग बीड जिल्ह्यात, शिरूर कासारजवळच्या एका वस्तीवर, गयाबाई नावाच्या बाईंच्या घरात. त्यांची सून सुरेखा हीच आमची नायिका. तिने आयुष्यात कधी सिनेमाचा कॅमेरा पाहिला नव्हता, आणि कॅमेऱ्यासमोर ती अशी वावरायची की चांगल्या चांगल्या नट्यांनी शिकून घ्यावं. एप्रिलमध्ये आम्ही सोळा दिवस काम केलं. बाहेरची सगळी दृश्यं झाली, आतली निम्मी झाली. मग त्या उन्हाने कॅमेराच तापून बंद पडायला लागला. ओली फडकी गुंडाळली, सावलीत निजवला, वारा घातला. सतराव्या दिवशी त्याने मान टाकली ती टाकलीच. भाड्याचा कॅमेरा परत गेला आणि दुसरा जमेपर्यंत ऑक्टोबर उजाडला.

आता राहिली होती घरातली पाच दृश्यं. दसरा झालेला. गयाबाईंची टोळी (ऊसतोडीला एकत्र जाणाऱ्या जोडप्यांचा गट) येत्या शुक्रवारी सकाळी निघणार होती. घराला कुलूप लागलं की सहा महिने उघडणार नव्हतं. आज शनिवार. आम्हाला रविवार ते गुरुवार एवढेच दिवस मिळणार होते, आणि पुन्हा कॅमेरा मिळवायची ताकद आमच्यात उरली नव्हती. पाच दृश्यं झाली तर सिनेमा, नाही तर सोळा दिवसांचं नुसतं चित्रण, असा सरळ मामला होता.

नगर मागे पडलं तसा रस्त्याकडेचा उसाचा हिरवा रंग विरत गेला. काळे दगड, हिवर, बाभळी, मधेच कापसाची फुटलेली बोंडं. कोकणातल्या माणसाला इथला उजेड आधी नुसता उघडा वाटतो. आमच्याकडे झाडं, पाणी आणि ढग उजेडाला आधी चाळून घेतात. इथे तो थेट येऊन उभा राहतो. एप्रिलमध्ये मी त्याच्याशी भांडत होते. ऑक्टोबरात तो जरा मऊ झाला होता आणि मला ते चक्क आवडलं.

कड्याला चहासाठी थांबलो. साखर कारखान्याचं मोठं गाव. हॉटेलात कडक इस्त्रीच्या पांढऱ्या कपड्यांतले एक गृहस्थ चार माणसांना काहीतरी समजावत बसले होते. पेटी मांडीवर घेऊनच मी चहा प्यायले, तेव्हा त्यांना राहवलं नाही.

"कोन्त्या च्यानलच्या म्हनायच्या तुमी?"

"चॅनल नाही, सिनेमा करतोय. शिरूरकडे."

"आरं वा! हिरो कोन हाय?"

"हिरो नाही. ऊसतोडीला जाणाऱ्या बाईची गोष्ट आहे."

त्यांनी कप खाली ठेवला. "त्याच्यात काय दावायचं? ते तर आमी रोजच बगतो."

"रोज बघता म्हणूनच दाखवायचं," मी म्हटलं. माझा सूर जरा चढा लागला असावा, कारण ओंकारने टेबलाखालून माझा पाय दाबला.

ते गृहस्थ मात्र खुशीत हसले. "बोलायला लई खट हायत म्याडम!" चहाचे पैसे त्यांनी आम्हाला देऊ दिले नाहीत. पाहुण्याकडून घेतले तर लोक तोंडात शेण घालतील, असं त्यांचं म्हणणं.

कड्याच्या पुढे आमची जीप एका दगडावर गेली आणि चाक बसलं. ड्रायव्हर चाक बदलत असताना बांधावर सीताफळं घेऊन बसलेल्या एका बाईने आम्हाला सावलीत बोलावलं. बालाघाटाच्या डोंगरातली सीताफळं. वरून काळपट, ओबडधोबड, आणि आत असा गर की ओंकार पाच खाऊनही थांबेना. मी पेटी मांडीवर ठेवून एका हाताने खात होते. "खाली ठिवा की ती," बाई म्हणाली. "कोन न्हाई नेत हितं." मी ठेवली. सहा तासांत पहिल्यांदा.

वस्तीच्या वळणावर आलो आणि लांबून काहीतरी निळं दिसलं.

"अरे," ओंकार म्हणाला, "गयाबाईंच्या शेजारी नवीन घर झालं वाटतं."

शेजारी नव्हतं झालेलं. ते गयाबाईंचंच घर होतं.

इथे थांबून ते घर एप्रिलमध्ये कसं होतं हे सांगायला हवं, नाहीतर माझा जीव का गेला ते कळायचं नाही. ते माळवदाचं घर (मातीच्या भिंती, वर मातीचंच सपाट छत). खिडकी नाही. छताला फक्त एक साणं, म्हणजे धूर बाहेर जाण्यासाठी आणि थोडा उजेड आत येण्यासाठी ठेवलेलं भोक. वर्षानुवर्षांच्या चुलीच्या धुराने चुलीमागची भिंत काळीभोर झाली होती. सकाळी साण्यातून उन्हाचा कवडसा यायचा, तो सुरेखाच्या चेहऱ्यावर आणि हातांवर पडायचा आणि बाकी सगळं त्या काळ्या भिंतीत बुडून जायचं. मी एकही दिवा लावला नव्हता. तो एक कवडसा आणि ती एक भिंत, यावर माझा सगळा सिनेमा उभा होता. चौदा वर्षांत मी इतकं चांगलं काम केलेलं नव्हतं, हे मी कुणाला सांगितलं नसलं तरी मला पक्कं माहीत होतं.

आता ते घर बाहेरून आकाशी, चौकटीला गुलाबी पट्टा, दारावर 'सुस्वागतम्'. मी धावत आत गेले. आतूनही आकाशी. चुलीमागची भिंत आकाशी, कोनाडा पोपटी. साण्यातून आलेलं ऊन त्या भिंतींवर आपटून खोलीभर पसरलं होतं, आणि सगळं सारखंच लख्ख दिसत होतं.

गयाबाई मागून आल्या. पन्नाशीच्या, काटक, डोळे हसरे. हातात गुळाच्या चहाचा पेला. "तुमी येनार म्हून रंगवलं," त्या म्हणाल्या. "कसं दिसतंय?"

"काय केलंत हे, गयाबाई!" मी ओरडलेच. "सगळं घालवलंत! आता काय करायचं मी?"

पेला त्यांच्या हातात तसाच राहिला. दारातून सुरेखा आत येत होती ती उंबऱ्यावरच थांबली.

"कावून?" गयाबाईंनी हळूच विचारलं. "चांगलं न्हाई झालं?"

मी तशीच बाहेर पडले आणि तरातरा शेताच्या बांधावर जाऊन बसले. माझा राग असाच आहे. आधी येतो, मग विचार येतो. ओंकार मागोमाग येऊन एकेक तोड सुचवू लागला. दुसरं घर बघू. पुण्यात भिंत उभारू. कॉम्प्युटरवर काळं करून घेऊ. त्यातलं काहीच पाच दिवसांत होणारं नव्हतं, आणि पाच दिवसांनंतर करायला सुरेखा इथे असणार नव्हती.

परत आले तर गयाबाई ओट्यावर बसल्या होत्या. चेहरा उतरलेला. बोलल्या त्या माझ्याकडे न बघताच.

"आमी सासू-सुना तीन दिस शिडीवर व्हतो. तुमीच म्हनल्या, घर पिच्चरमदी दिसनार. काळं घर दिसल्यावर लोकं काय म्हनतील? ह्या बायांना घर बी नीट ठिवता येत न्हाई, म्हनतील का न्हाई?"

मला खरोखर शरम वाटली. इतक्या दिवसांत आम्ही त्यांना काय विचारलं होतं आणि काय सांगितलं होतं? 'घर जसं आहे तसंच राहू द्या' एवढं एक वाक्य कुणी बोललं नव्हतं. आणि त्याहून मोठी चूक माझी. अर्धवट काम कुणाला दाखवायचं नाही हा माझा नेम आहे. त्यापायी एप्रिलमध्ये काढलेलं एक चित्रही मी त्या घरातल्या माणसांना दाखवलेलं नव्हतं.

मी लॅपटॉप आणला आणि ओट्यावर उघडला. सुरेखा भाकरी थापते ते दृश्य. काळोखातून आधी तिचे हात वर येतात, मग पिठाचा पांढरा उधळ, मग चेहरा.

गयाबाई वाकून बघत राहिल्या. "ह्ये माझं घर हाय?"

"तुमचंच."

"सुरेखाचं त्वांड कसं देवीवानी दिसतंय."

"मागे काळं आहे म्हणून तसं दिसतंय."

त्यांनी सुरेखाला आत चुलीपाशी उभं केलं आणि स्वतः दारातून डोळे बारीक करून बघितलं. मग लॅपटॉपकडे बघितलं. मग पुन्हा सुरेखाकडे. मी तेच करते, दिवसातून पन्नास वेळा.

"निळ्यात ती भितीसंगंच उजळती," त्या म्हणाल्या. "निराळी दिसतच न्हाई."

चौदा वर्षांत मी हे इतक्या थोडक्यात कुणाला समजावू शकले नव्हते. "मग आधीच कावून न्हाई दावलं?" त्यांनी विचारलं. मी त्यांची माफी मागितली. त्या म्हणाल्या, "ऱ्हाऊ द्या. चहा घ्या आदी, निवला."

रविवारी सकाळी आमच्या कला विभागाने, म्हणजे एकट्या नितीनने, काळ्या रंगाचा फवारा भिंतीच्या एका कोपऱ्यात मारून बघितला. गयाबाई कमरेवर हात ठेवून उभ्या होत्या.

"ह्ये काजळ झालं," त्यांनी निकाल दिला. "धूर न्हाई झाला."

"फरक काय?" नितीनने जरा दुखावून विचारलं.

मग त्यांनी जे सांगितलं ते मी वहीत उतरवून घेतलं. धूर खालून वर चढतो, म्हणून भिंत वर जास्त काळी, खाली तांबूस. चुलीच्या बरोबर वर चकाकी, कारण तिथे फोडणीचं तेल बसतं. जिथे डबे असतात त्यांच्यामागे भिंत कोरी राहते. माणूस जिथे पाठ टेकतो तिथे गुळगुळीत डाग. दाराशी हात लागून लागून वेगळाच रंग. "भित काय एका दिसात काळी व्हती का?" त्या म्हणाल्या, आणि मग त्यांचं त्यांनाच काहीतरी सुचलं. "पर बाया लई असल्या तर दोन दिसात व्हईल."

टोळी निघण्याआधी प्रत्येक घरात वाटेची आणि पहिल्या आठवड्याची शिधाशिदोरी करायची रीत आहे. दशम्या, धपाटे, शेंगदाण्याची आणि कारळाची चटणी, भाजलेली पिठं. तिकडे गेल्यावर आधी खोपी (उसाच्या वाळल्या पानांची झोपडी) बांधायची असते, त्यात चार दिवस स्वयंपाकाला सवड मिळत नाही. वस्तीतल्या अकरा घरांत हे काम सोमवार-मंगळवारी व्हायचंच होतं. गयाबाई घरोघर गेल्या आणि सगळ्यांना म्हणाल्या, यंदा शिदोरी माझ्या घरात करा.

रविवारी दुपारभर आम्ही सगळ्यांनी मिळून निळ्या भिंतीवर माती आणि शेणाचा काला चढवला. माझा हात गयाबाईंना पसंत पडेना. "म्याडम, तुमी क्यामेराच चालवा," असं त्या चारदा तरी म्हणाल्या. ओंकारचा हात मात्र चांगला निघाला आणि त्याचा त्याने दिवसभर तोरा मिरवला.

सोमवारी सकाळी अकरा बायका आपापली सरपणं घेऊन आल्या. चुलीशेजारी विटांच्या आणखी तीन चुली मांडल्या. गयाबाईंचा मुलगा दत्ता माळवदावर चढला आणि त्याने साण्यावर घमेलं पालथं घातलं. दार लावून घेतलं. मग जो धूर झाला तो सांगता सोय नाही. कपाशीच्या पऱ्हाट्या (वाळलेली खोडं) भगभग जळतात पण धूर थोडा. गोवरी धुमसते आणि पिवळट धूर देते. ओल्या बाभळीचा धूर जड, काळा, भिंतीला चिकटून बसणारा. हौसाबाई नावाच्या थोराड बाई ओल्या बाभळीच्या तज्ज्ञ. त्या फुंकणी घेऊन बसल्या की इतर बायका आपणहून जागा द्यायच्या.

"म्याडम, कोन्ता कोपरा ऱ्हायलाय?" त्या धुरातून विचारायच्या.

"डावीकडे, वरच्या बाजूला!" मी दार किलकिलं करून, लॅपटॉपवरचं एप्रिलचं चित्र बघून ओरडायची.

"सरकवा गं तिकडं इटा!" आणि अख्खी चूल तिकडे सरकायची.

डोळ्यांतून पाणी, नाकातून पाणी, आणि तेवढ्यात चटणीसाठी लाल मिरच्या भाजायला घेतल्या. आमचं सगळं युनिट खोकत शेतात पळालं. बायका पदर तोंडावर धरून हसत होत्या. दुपारी त्यांनी आम्हाला बांधावर बसवून हुलग्याचे शेंगोळे (कुळथाच्या पिठाची वळून रश्श्यात शिजवलेली कडबोळी) आणि बाजरीची भाकरी वाढली. आमच्या कोकणात कुळीथ म्हणजे पिठी. त्याचं हे झणझणीत रूप मी पहिल्यांदाच खाल्लं, आणि नंतर घागरभर पाणी प्यायले. "लई तिखट झालं का?" म्हणत सुरेखाने आणखी दोन पळ्या वाढल्या.

मंगळवारी संध्याकाळी दार उघडलं. धूर निवळला. मी लॅपटॉप हातात धरून चुलीसमोर बसले आणि एकदा पडद्याकडे, एकदा भिंतीकडे बघत राहिले. वरचा काळोख, खालचा तांबूस पट्टा, डब्यांमागची कोरी जागा, फोडणीची चकाकी. पाठ टेकायच्या जागेवरचा डाग स्वतः गयाबाईंनी तेलाचं बोट फिरवून आणला होता. सगळं जिथल्या तिथे. मागे अकरा बायका माझ्या तोंडाकडे बघत उभ्या होत्या.

"जमलं," मी म्हटलं, आणि मला रडू आलं. सगळ्यांना वाटलं धुरानेच.

बुधवारी-गुरुवारी शूटिंग. पण अजून एक गाठ होती. एप्रिलमध्ये सूर्य जवळजवळ डोक्यावरून जायचा, ऑक्टोबरात तो दक्षिणेकडे कलला होता. कवडसा एप्रिलच्या जागेवर पडेना. इथे मात्र चौदा वर्षांत माझ्या पदरी पडलेलं कामाला आलं. दत्ताला आणि त्याच्या मित्राला आम्ही मोठा आरसा देऊन माळवदावर चढवलं. आरशाने ऊन पकडायचं आणि साण्यातून आत सोडायचं. सूर्य हलेल तसा आरसा केसभर हलवायचा.

"डावीकडे घे! थोडं... बस!" मी खालून.

"हालू नगंस बे!" दत्ता वरून मित्राला.

"मी कुटं हालतो? सूर्यच हालतोय!"

कवडसा बरोब्बर सुरेखाच्या हातांवर येऊन टेकला. मी कॅमेऱ्यात बघितलं. एप्रिलच जणू. तिथून एकेक दृश्य होत गेलं. शेवटचं दृश्य ओंकारने असं लिहिलं होतं की निघायच्या आधी ती चुलीत पाणी ओतते आणि वाफ वर चढते. सुरेखाने तांब्या उचलला आणि गयाबाई मधेच ओरडल्या.

"आगं, चुलीत पानी वतती का कुनी? राख वड वरून. जिवंत ठिवून जायचं असतं."

ओंकारने माझ्याकडे बघितलं. मी मान हलवली. सुरेखाने हाताने राख ओढली, निखाऱ्यावर पसरली, आणि त्या राखेतून धुराची एक बारीक रेघ कवडशातून सरळ वर, साण्याकडे गेली. कॅमेरा बंद करायचं मला बराच वेळ सुचलं नाही. गुरुवारी दुपारी एक वाजता आमची पाच दृश्यं झाली होती.

सगळे सामान आवरू लागले. मी दत्ताला घेऊन जीपने शिरूरला गेले.

"आकाशी रंग द्या," मी दुकानदाराला सांगितलं. "आणि थोडा गुलाबी, थोडा पोपटी."

दुकानदाराने दत्ताला ओळखलं. "परत? मागल्या आठवड्यात तर न्हेलता की."

"धूर बसला," दत्ता अगदी गंभीर चेहऱ्याने म्हणाला.

गयाबाई आधी नको नको म्हणाल्या. "उद्या आमी जानार. कोन बगनार हाय?" पण आम्ही ब्रश हातात घेतले होते. आमचे सहा, वस्तीतले आठ-दहा, अशा सगळ्यांनी मिळून दिवस मावळायच्या आत घर पुन्हा निळं केलं. पट्ट्या सरळ आल्या की नाही हे गयाबाई डोळे बारीक करून तपासत होत्या, आणि त्यांनी नितीनकडून चौकट दोनदा पुसून घेतली.

शुक्रवारी सकाळी मी कॅमेरा पुन्हा बाहेर काढला. आरसे दोन्ही बाजूंना लावले, पांढरी कापडं ताणून धरली, सावल्या मऊ केल्या. तो निळा रंग जसा गयाबाईंना दिसत होता तसाच दिसावा म्हणून, घर अंधारात ठेवण्यासाठी घेतली होती तेवढीच मेहनत मी ते उजळण्यासाठी घेतली. "मी न्हाई त्वांडाला रंग लावनार" असं म्हणत एप्रिलपासून कॅमेरा चुकवणाऱ्या गयाबाई नवं लुगडं नेसून दारात उभ्या राहिल्या, शेजारी सुरेखा आणि दत्ता. मिनिटभर कॅमेरा चालवला. मग त्यांनी न मागता मी त्यांना ते दाखवलं.

तिकडे ट्रक येऊन हॉर्न वाजवायला लागला होता. बोचकी चढत होती. गयाबाईंनी घाई केली नाही, शेवटपर्यंत बघितलं.

"ह्ये बी लावा पिच्चरच्या शेवटाला," त्या म्हणाल्या. "लोकाला कळू द्या, घर काळं न्हवतं. आमी केलतं."

मग त्यांनी दाराला कुलूप लावलं, किल्ली कनवटीला खोचली आणि हौसाबाईंचा हात धरून ट्रकमध्ये चढल्या. आमची जीप आणि ट्रक शिरूरपर्यंत एकाच रस्त्याने गेले. पुढे ते वळले, आम्ही सरळ निघालो. परतीच्या वाटेवर ओंकार जागा होता आणि मी झोपले होते. पुण्याला पोचल्यावर तीनदा केस धुतले तरी बाभळीचा धूर गेला नाही, आणि खरं सांगायचं तर तो जाऊ नये असंच मला वाटत होतं.

सिनेमा पूर्ण व्हायला वर्ष लागलं. संकलनाच्या टेबलावर एप्रिलची भिंत आणि ऑक्टोबरची भिंत शेजारी शेजारी लागल्या, तेव्हा कुठली कुठे हे मलाही सांगता येईना. या कामात आपलं कौतुक झालं की सुख वाटतं, मी काही साधू नाही. पण यावेळी जो अभिमान वाटत होता तो माझा एकटीचा नव्हता, आणि त्यामुळे तो कितीतरी मोठा होता. सगळ्यांची नावं येऊन गेल्यावर आम्ही ते निळं घर लावलं, मिनिटभर, गयाबाईंनी सांगितलं तसं.

गेल्या हिवाळ्यात चिपळूणला खेळ झाला. संपल्यावर माझ्या ओळखीची मंडळी उजेडाबद्दल, कॅमेऱ्याबद्दल छान छान बोलली. तेवढ्यात पहिल्या रांगेतल्या एक वयस्कर बाई काठी टेकत माझ्यापाशी आल्या. त्यांनी उजेडाबद्दल एक अक्षर काढलं नाही. त्या एवढंच म्हणाल्या, "त्या बाईंनी घर किती नेटकं ठेवलंय गो!"

मी तिथूनच, सभागृहाच्या पायरीवरून, गयाबाईंना फोन लावला. त्या उसाच्या फडात होत्या. मागे कोयत्यांचा आवाज येत होता. बाई काय म्हणाल्या ते मी शब्द न् शब्द सांगितलं. मग गयाबाईंनी फोन तोंडापासून लांब धरला आणि अख्ख्या फडाला ऐकू जाईल अशा आवाजात ओरडल्या, "ए हौसा! कोकनातल्या बायांनी आपलं घर बगितलं गं! नेटकं हाय म्हनल्या!"